गणितज्ञ महावीराचार्य आणि वर्गाचा नियम

नवव्या शतकात दक्षिणापथावर राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्ष नृपतुंग राज्य करीत होता. मान्यखेट, म्हणजे आजच्या कर्नाटकातील मळखेड, ही त्याची राजधानी. आपले कोकणही त्याच्या अधिसत्तेखाली होते, इ. स. ८४३ च्या कान्हेरी येथील शिलालेखात कोकणचा शिलाहार राजा पुल्लशक्ती अमोघवर्षाचा मांडलिक म्हणून येतो. आदिपुराणकार जिनसेनाचार्यांना गुरू मानणाऱ्या या सम्राटाच्या काळात दिगंबर परंपरेतील महावीराचार्यांनी इ. स. ८५० च्या सुमारास ‘गणितसारसंग्रह’ हा संस्कृत ग्रंथ रचला.

ग्रंथारंभी आचार्यांनी भगवान वर्धमान महावीरांना वंदन केले, राजाचा गौरव केला आणि गणिताची महती गायिली. व्यापार, धर्मकार्य, संगीत, पाकशास्त्र, वैद्यक, वास्तुविद्या या सर्वांना गणिताचा आधार लागतो, अशी त्यांची धारणा होती. त्या काळी गणित बहुधा ज्योतिषग्रंथातील एखाद्या प्रकरणापुरते येई. आचार्यांनी मात्र अकराशेहून अधिक श्लोकांचा संपूर्ण ग्रंथ केवळ गणिताला वाहिला.

याच ग्रंथात वर्गाचा एक नियम आहे, जो आज आपली मुले शाळेत शिकतात. संख्येचे दोन किंवा अधिक भाग करावेत, प्रत्येक भागाचा वर्ग करून बेरीज घ्यावी आणि तीत भागांच्या परस्पर गुणाकारांची दुप्पट मिळवावी. शाळेतील भाषेत सांगायचे तर, अ आणि ब यांच्या बेरजेचा वर्ग म्हणजे अ वर्ग, अधिक दोन अ ब, अधिक ब वर्ग.

पाचाडच्या परिसरातील भाताच्या खाचरावरून हे सहज उमगेल. वीस हात लांब व वीस हात रुंद असे चौरस खाचर दोन लगतच्या बाजूंनी तीन-तीन हात वाढविले, असे समजू. मूळचे खाचर ४०० चौरस हात. वाढलेल्या दोन पट्ट्या प्रत्येकी ६०, म्हणजे १२० चौरस हात. कोपऱ्यातला लहान चौरस ९. एकूण ५२९ चौरस हात, आणि तोच तेवीसचा वर्ग. विद्यार्थी पुष्कळदा ४०० आणि ९ यांचीच बेरीज करून ४०९ उत्तर लिहितात. अशा हिशेबात जमिनीचा पाचव्या हिश्शाहून अधिक भाग नाहीसा होतो! मधले पद हे त्या दोन पट्ट्यांचे माप आहे, एवढे ध्यानी आले की सूत्र घोकावे लागत नाही.

हा नियम आचार्यांनी प्रथम शोधला, असे म्हणणे उचित होणार नाही. इ. स. ४९९ च्या सुमाराच्या ‘आर्यभटीया’त याच संबंधावर आधारलेली रीत आहे. पूर्वसूरींच्या ज्ञानसागरातून आपण सार वेचले, हे आचार्यांनी स्वतःच नम्रपणे नमूद केले आहे. त्यांची स्वतंत्र प्रज्ञाही थोर होती. ऋण संख्येला वर्गमूळ नसते, कारण कोणत्याही संख्येचा वर्ग ऋण होत नाही, हे त्यांनी स्पष्टपणे मांडले. दिलेल्या वस्तूंतून काही वस्तू किती प्रकारे निवडता येतील, याची सर्वसामान्य रीत त्यांनी दिली. शून्याने भागल्यास संख्या तशीच राहते, हे त्यांचे विधान मात्र पुढे ग्राह्य ठरले नाही. सत्याची चाड बाळगणाऱ्यांनी हेही सांगितले पाहिजे.

अकराव्या शतकात पावुलूरी मल्लन याने हा ग्रंथ तेलुगूत आणला. १९१२ मध्ये मद्रास येथे रंगाचार्यांनी तो इंग्रजी अनुवादासह प्रसिद्ध केला, तर १९६३ मध्ये सोलापूरच्या जैन संस्कृति संरक्षक संघाने प्रा. लक्ष्मीचंद्र जैन यांचा हिंदी अनुवाद प्रकाशित केला. अशा प्रकारे आपल्याच महाराष्ट्रातील एका जैन संस्थेने हा ठेवा सर्वसामान्य वाचकांच्या हाती दिला.

पेढीवर हिशेब चोख ठेवणाऱ्या आपल्या समाजाने आपल्या या आचार्यांचे नाव मुलांना आवर्जून सांगावे. मूल बीजगणिताचे पहिले सूत्र शिकेल, तेव्हा त्याला एक चौरस काढून दाखवावा आणि दोन्ही पट्ट्या मोजावयास लावाव्यात. आचार्यांचे याहून उचित स्मरण ते कोणते?