डॉमनिक डिसोझा : चौसष्ट दिवसांच्या कोंडीची कहाणी

एड्सविषयीच्या भीतीने देशात कायद्याचे रूप धारण केले, त्याचा पहिला मोठा आघात गोव्यातील पर्रा गावच्या डॉमनिक डिसोझा यांना सोसावा लागला. रंगभूमीची आवड असलेला हा तरुण नियमित रक्तदाता होता. रक्तदानाची ही सवयच त्यांच्या अटकेचे निमित्त ठरली.

१४ फेब्रुवारी १९८९ रोजी पोलीस त्यांना घरून घेऊन गेले. कारण सांगितले गेले नाही. रुग्णालयातील नोंदवहीत आपल्या नावापुढे एड्सचा उल्लेख पाहिल्यावरच त्यांना उलगडा झाला. दान केलेल्या रक्तात एचआयव्हीचा विषाणू आढळला होता. मात्र ही गोष्ट सर्वांत आधी ज्याला सांगायची, त्यालाच ती सर्वांत शेवटी कळली. पुढे वापरात नसलेल्या क्षयरोग रुग्णालयात, पोलिसांच्या पहाऱ्यात, त्यांना एकटे ठेवण्यात आले. गोव्याच्या सार्वजनिक आरोग्य कायद्यात अशा व्यक्तींना सक्तीने विलग ठेवण्याची तरतूद होती. हा विषाणू स्पर्शाने किंवा एकत्र राहिल्याने पसरत नाही, हे वैद्यकशास्त्राने तोवर स्पष्ट केले होते.

त्यांच्या मातोश्री लुसी डिसोझा यांनी मुंबई उच्च न्यायालयाच्या पणजी खंडपीठाकडे दाद मागितली. 'लॉयर्स कलेक्टिव्ह'चे आनंद ग्रोव्हर यांनी बाजू मांडली. मित्रमंडळी आणि नाट्यकर्मी रस्त्यावर उतरले. चौसष्ट दिवसांनी, एप्रिलमध्ये, डॉमनिक घरी परतले. सक्तीची तरतूदही शासनाने सौम्य केली आणि विलगीकरण अधिकाऱ्यांच्या इच्छेवर सोपवले. न्यायालयाने मात्र अंतिम निकालात ती तरतूद वैध ठरवली. व्यक्तीच्या स्वातंत्र्यापेक्षा सार्वजनिक हित वरचढ मानले गेले. सुटका झाली खरी, पण लढाई कागदावर हरली गेली.

घरी परतल्यावरही बहिष्काराची झळ सरली नाही. नोकरीही सोडावी लागली. तरीही त्यांनी नाव लपवले नाही. आपली ओळख उघडपणे सांगणे त्या काळी अपवादात्मक धैर्याचे होते. १९९२ मध्ये इझाबेल सांता रिता वाझ यांच्यासह त्यांनी बाधितांना आधार देणारी 'पॉझिटिव्ह पीपल' ही संस्था सुरू केली. त्याच वर्षी मे महिन्यात त्यांचे निधन झाले. संस्थेचे काम त्यांच्या पश्चात इतरांनी पुढे नेले.

२००५ मध्ये आलेल्या 'माय ब्रदर... निखिल' या हिंदी चित्रपटाची प्रेरणा त्यांचेच आयुष्य मानली जाते. बाधित व्यक्तींना वेगळे ठेवण्यास मनाई करणारा केंद्रीय कायदा २०१७ मध्ये संमत झाला आणि सप्टेंबर २०१८ मध्ये लागू झाला. डॉमनिक यांच्या मृत्यूला तोवर सव्वीस वर्षे उलटली होती.