चुंबकीय नोंदी वाचवणारे नानाभाई मूस

रबाळे स्थानकातून विजेवरची लोकल सुटते आणि जवळच ठाण्याच्या खाडीत स्थलांतरित पक्षी उतरतात. पृथ्वीचे चुंबकीय क्षेत्र काही पक्ष्यांना जाणवते. डोळ्यांतील एका प्रथिनामुळे ते बहुधा दिसतही असावे. माणसाला त्यासाठी उपकरण लागते. अशा उपकरणांच्या सोबतीत डॉ. नानाभाई मूस यांचे आयुष्य गेले.

१८५९ मध्ये जन्मलेले मूस १८९६ मध्ये कुलाबा वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक झाले. तेथे टांगलेल्या चुंबकाची सूक्ष्म हालचाल प्रकाशकिरणाने फोटोच्या कागदावर उमटत असे. मुंबईत विजेची ट्राम येणार हे कळले, तेव्हा १८४६ पासूनच्या नोंदी बिघडण्याची भीती निर्माण झाली. मूस यांनी वेधशाळेसाठी अलिबाग निवडले. तेथील इमारत चुंबकीय गुण नसलेल्या पोरबंदरी दगडाची बांधली. १९०४ ते १९०६ या काळात दोन्हीकडे एकाच वेळी नोंदी घेऊन त्यांनी जुन्या-नव्या आकड्यांचा मेळ घातला. १९०७ मध्ये ट्राम धावली, पण नोंदींची साखळी तुटली नाही. १९३६ मध्ये मूस यांचे निधन झाले.

विद्युत उपकरणांतून निघणाऱ्या रेडिओ लहरींमुळे शहरात रॉबिन पक्ष्यांचे चुंबकीय दिशाज्ञान बिघडते, असे जर्मनीतील संशोधकांनी २०१४ मध्ये दाखवले. धातूच्या पत्र्याने झाकलेल्या खोलीत त्यांना दिशा पुन्हा सापडली. मूस यांना उपकरणे हलवता आली. पक्ष्यांची वाट तशी हलवता येत नाही. अलिबागची वेधशाळा आजही नोंदी घेते आहे.