कै. सेतुमाधवराव पगडी : बहुभाषिक दख्खनचे व्रतस्थ अभ्यासक

दख्खन हा अनेक भाषांचा व अनेक समाजांचा प्रदेश होय. मराठी, तेलुगू, कन्नड व उर्दू या भाषा तेथे शतकानुशतके शेजारी नांदत आल्या आहेत. आणि ज्यांच्या वाट्यास ग्रंथ आले नाहीत अशा गोंडी व कोलामी भाषाही तेथील डोंगरांत आजवर बोलल्या जातात. अशा प्रदेशाचा इतिहास व समाज केवळ एका भाषेच्या आधारे जाणू पाहणाऱ्यास त्याचे दर्शन अपुरेच घडते. ही गोष्ट ज्यांनी आयुष्यभराच्या परिश्रमाने सिद्ध केली, त्या मोजक्या विद्वानांत कै. सेतुमाधवराव पगडी यांची गणना करावी लागेल. विशेष हे की, त्यांच्या आयुष्याची बरीच वर्षे सरकारी कचेरीत गेली आणि त्यांचे विद्याव्यासंगही त्या नोकरीतूनच फुलत गेले.

सेतुमाधवरावांचा जन्म दि. २७ ऑगस्ट १९१० रोजी निलंगा येथे झाला. हे गाव आज लातूर जिल्ह्यात असले तरी त्या काळी ते निजामाच्या हैदराबाद संस्थानात मोडत असे. संस्थानातील बहुसंख्य प्रजा तेलुगू, मराठी व कन्नड बोलणारी. कारभार मात्र उर्दूतून चाले, आणि जुनी दप्तरे फारसीत होती. या परिस्थितीकडे सेतुमाधवरावांनी संधी म्हणून पाहिले. शेजाऱ्याची भाषा शिकणे हा त्यांचा स्वभाव बनला, आणि उर्दू व फारसी या भाषांवर त्यांनी असे प्रभुत्व मिळविले की पुढे त्या त्यांच्या संशोधनाची मुख्य साधने ठरल्या. अलाहाबाद विद्यापीठात उच्च शिक्षण घेऊन ते हैदराबाद संस्थानाच्या मुलकी सेवेत रुजू झाले.

या सेवेच्या ओघात, इ. स. १९४० नंतरच्या दशकात, त्यांचा आदिलाबाद जिल्ह्याशी निकटचा संबंध आला. हा जिल्हा संस्थानाच्या उत्तर टोकास, गोदावरी, पैनगंगा व वर्धा या नद्यांच्या दरम्यान वसलेला. मधल्या डोंगराळ मुलुखात राजगोंड, कोलाम व परधान यांची वस्ती. एके काळी गोंड राजांची सत्ता पाहिलेला हा समाज विसाव्या शतकात आपल्याच भूमीत परका होऊ लागला होता. सरकारने जंगले राखीव केली. बाहेरून आलेल्या जमीनदार-सावकारांनी कसलेल्या जमिनी कागदोपत्री आपल्या नावे करून घेतल्या. कागद उर्दूत आणि गोंड निरक्षर, त्यामुळे दाद मागणेही दुरापास्त होते. या असंतोषाचा उद्रेक इ. स. १९४० मध्ये जोडेघाट येथे झाला आणि गोंडांचा पुढारी कुमरम भीम आपल्या साथीदारांसह पोलिसांच्या गोळीबारास बळी पडला.

या रक्तपातानंतर निजाम सरकारला जाग आली. व्हिएन्नाचे मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ हे तेव्हा युद्धामुळे हैदराबाद संस्थानात अडकून पडले होते. त्यांच्याकडे आदिवासींच्या स्थितीची पाहणी सोपविण्यात आली. त्यांच्या प्रयत्नाने गोंडांना जमिनीचे पट्टे मिळू लागले आणि मार्लवाई या गावी इ. स. १९४३ मध्ये गोंड मुलांसाठी शाळा निघाली. तेथील गोंडी पाठ्यपुस्तकांसाठी देवनागरी लिपी स्वीकारण्यात आली. परंतु अशी योजना कागदावरून गावात उतरावयाची तर तिला मनापासून राबणारा अधिकारी लागतो. सेतुमाधवराव हे अशा अधिकाऱ्यांपैकी होते.

त्यांनी दुभाष्यावर विसंबून न राहता गोंडी भाषा स्वतः शिकून घेतली. फिर्यादीचे म्हणणे तिसऱ्याच्या तोंडून ऐकणारा हाकिम आणि ते त्याच्याच भाषेत ऐकणारा हाकिम यांतील अंतर केवढे असते, हे कचेरीत आयुष्य घालविलेल्यांस सांगावयास नको. ज्या माणसाची जमीन त्यास न वाचता येणाऱ्या कागदाने गेली, त्याच्या दृष्टीने तर हे अंतर घरदार राखण्याचे किंवा गमावण्याचे असे.

भाषेच्या वाटेने ते समाजाच्या अंतरंगात शिरले. गोंड समाजाची रचना देवतांच्या संख्येवर आधारलेली आहे. चार, पाच, सहा व सात देवांचे असे कुळांचे गट असून एकाच गटात सोयरीक होत नाही. पौष अमावास्येस केस्लापूर येथे भरणारी नागोबाची जत्रा ही मेश्राम कुळाची. त्या कुळातील माणसे पायी जाऊन गोदावरीचे जल आणतात व त्या जलाने देवाची पूजा होते. स्थानिक देवतांचे पौरोहित्य बऱ्याच ठिकाणी कोलामांकडे असते. म्हणूनच गोंड त्यांना पुजारी म्हणतात. गोंडांच्या कुळकथा जतन करण्याचे काम मात्र परधानांचे. हे परधान घरी मराठी बोलतात आणि किंगरीच्या साथीवर गोंडांच्या देवांची व पूर्वजांची आख्याने गोंडीत गातात. एका समाजाचा इतिहास दुसऱ्या भाषेच्या लोकांनी कंठगत ठेवावा, याहून दख्खनच्या संमिश्र संस्कृतीचे बोलके उदाहरण कोणते द्यावे?

या अभ्यासाची फळे ग्रंथरूपाने पुढे आली. आदिलाबादच्या गोंडांवरील त्यांचा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध झाला, इ. स. १९५० मध्ये कोलामीचे व इ. स. १९५४ मध्ये गोंडीचे व्याकरण निघाले. दोन्ही द्राविड कुळातील भाषा, तरी एकमेकींहून भिन्न. घराला गोंडीत रोन म्हणतात, तर कोलामीत एल्ला. मराठीस तीन लिंगे आहेत. या भाषांत मात्र पुरुषवाचक नामे एका वर्गात आणि स्त्रिया, पशू व वस्तू यांची नामे दुसऱ्या वर्गात पडतात. हे नियम बोलणाऱ्यांच्या तोंडून ऐकून, पडताळून मांडणे हे चिकाटीचे काम होते. बरो व एमेनो या जगन्मान्य भाषाशास्त्रज्ञांनी द्राविड भाषांचा व्युत्पत्तिकोश इ. स. १९६१ मध्ये सिद्ध केला, तेव्हा त्यांनी या व्याकरणांतील शब्द सेतुमाधवरावांच्या नावाची आद्याक्षरे देऊन त्यात समाविष्ट केले.

इ. स. १९५६ मध्ये भाषावार प्रांतरचना झाली. हैदराबाद राज्य विसर्जित झाले, आदिलाबाद आंध्र प्रदेशात गेले. किनवट व राजुरा हे त्याचे तालुके महाराष्ट्राच्या बाजूस आले. सेतुमाधवरावांची सेवाही तत्कालीन मुंबई राज्याकडे वर्ग झाली. महाराष्ट्राच्या गॅझेटिअर विभागाचे सचिव व कार्यकारी संपादक म्हणून जिल्हावार माहितीच्या नव्या ग्रंथांची जबाबदारी त्यांनी वाहिली.

याच काळात त्यांनी मराठ्यांच्या इतिहासाची फारसी साधने मराठीत आणण्याचे प्रचंड कार्य केले. गोमंतकीय वाचकांस कै. डॉ. पांडुरंग पिसुर्लेकर यांची योग्यता सांगावयास नको. पोर्तुगीज दप्तरातून मराठेशाहीचा इतिहास त्यांनी जसा उजेडात आणला, तसा सेतुमाधवरावांनी तो मोगलांच्या फारसी कागदांतून आणला. औरंगजेबाच्या दरबारची बातमीपत्रे त्यांनी मराठी वाचकांच्या हाती दिली. दलपतराव बुंदेल्याच्या पदरी असलेल्या भीमसेन सक्सेना या कायस्थ कारकुनाने दख्खनच्या मोहिमेतील मोगल सैन्याचे हाल प्रत्यक्ष पाहून लिहून ठेवले होते; तो वृत्तांतही त्यांनी मराठीत उतरविला. खाफीखानासारखा मराठ्यांचा द्वेष्टा इतिहासकारही, शिवछत्रपती मशिदी, कुराण व स्त्रिया यांची विटंबना होऊ देत नसत, अशी नोंद करतो. प्रतिपक्षाच्या लेखणीतून उतरलेली अशी साक्ष स्वपक्षाच्या स्तुतीहून अधिक मोलाची ठरते.

गालिब व इक्बाल यांच्या काव्याचा रसाळ परिचय त्यांनी मराठी रसिकांस करून दिला. सूफी संप्रदायावर ग्रंथ लिहिला, तसाच समर्थ संप्रदायावरही लिहिला. जीवनसेतू हे त्यांचे आत्मचरित्र. इ. स. १९९२ मध्ये भारत सरकारने पद्मभूषण देऊन त्यांचा गौरव केला. दि. १४ ऑक्टोबर १९९४ रोजी त्यांचे देहावसान झाले. त्यांचे समग्र वाङ्मय पुढे खंडरूपाने प्रसिद्ध झाले आहे.

त्यांच्या पश्चात आदिलाबादचा नकाशा पुनश्च बदलला. इ. स. २०१४ मध्ये तेलंगण राज्य झाले आणि इ. स. २०१६ मध्ये जुन्या जिल्ह्याचे चार जिल्हे होऊन त्यांपैकी एकास कुमरम भीमाचे नाव मिळाले. गोंडी बोलणाऱ्यांची संख्या इ. स. २०११ च्या जनगणनेत ३० लक्षांच्या जवळपास भरली; तथापि हा समाज अनेक राज्यांत विभागलेला आहे आणि त्याच्या भाषेस राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत अद्याप स्थान नाही. अशा वेळी, एका मराठी अधिकाऱ्याने कोणाच्या आज्ञेवाचून ती भाषा शिकून तिचे व्याकरण लिहिले, याचे स्मरण ठेवणे अगत्याचे आहे. दूरच्या भाषांसाठी झटणाऱ्या तरुणांनी शेजारच्या वाडीवरील भाषेसही एकदा कान द्यावा, ही सेतुमाधवरावांच्या चरित्राची शिकवण होय. त्यांच्या पुण्यस्मृतीस विनम्र अभिवादन.