घंटा वाजवणाऱ्याचा मुलगा : बेनियामिनो जिली

रविवारच्या मिस्सेत एखादे गीत गायकवृंद असे काही गातो, की आपण हातातले पुस्तक मिटून नुसते ऐकत राहतो. अशाच एका गायकवृंदातून निघून जगभर पोहोचलेल्या गायकाची आज आपण ओळख करून घेऊ या.

इटलीच्या पूर्व किनाऱ्याजवळ एका टेकडीवर रेकानाती हे गाव आहे. लोरेतो येथील पवित्र मातेचे तीर्थक्षेत्र तेथून जवळच आहे. या गावात २० मार्च १८९० रोजी बेनियामिनोचा जन्म झाला. त्याचे वडील जोडे शिवत आणि कॅथेड्रलची घंटाही वाजवत. सातव्या वर्षी मुलगा कॅथेड्रलच्या गायकवृंदात गाऊ लागला. घरची परिस्थिती बेताची असल्याने त्याला लहान वयातच औषधांच्या दुकानात काम धरावे लागले. पुढे गाणे शिकायला तो रोमला गेला, तेव्हा पोटासाठी त्याने लोकांच्या घरी चाकरीही केली. अखेर सांता चेचिलिया या नामवंत संगीत विद्यालयात त्याला प्रवेश मिळाला.

१९१४ साली पार्मा येथील स्पर्धेत तो पहिला आला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये रोविगो येथे 'ला जोकोंदा' या ऑपेरात, म्हणजे पाश्चात्त्य संगीत नाटकात, त्याने पहिली भूमिका केली. त्याचा आवाज टेनर, म्हणजे पुरुषी आवाजातील उंच पट्टीचा होता. त्या आवाजातल्या मधासारख्या गोडव्याने लोक वेडावले. १९१८ मध्ये मिलानच्या ला स्काला रंगमंदिरात तोस्कानिनींच्या संगीत दिग्दर्शनाखाली ते गायले. २६ नोव्हेंबर १९२० रोजी न्यू यॉर्कच्या मेट्रोपोलिटन ऑपेरात त्यांनी पदार्पण केले. पुढच्याच वर्षी थोर गायक कारुसो यांचे निधन झाले आणि त्यांच्या अनेक भूमिका जिलींकडे आल्या. लोक त्यांना दुसरा कारुसो म्हणत, पण आपण पहिला जिली म्हणून ओळखले जावे अशी त्यांची इच्छा होती.

इथवरची कथा ऐकायला गोड आहे. पण माणूस मोठा झाला म्हणून त्याच्या चुका झाकाव्यात, असे आम्हाला वाटत नाही. १९३२ साली अमेरिकेत मंदीचे दिवस होते. मेट्रोपोलिटनने कलाकारांना मानधनात कपात मागितली. बहुतेकांनी ती मान्य केली. जिलींनी मात्र नकार दिला आणि ते इटलीला परतले. तेथे ते मुसोलिनीचे आवडते गायक झाले. फॅसिस्ट पक्षाचे गीतही त्यांनी ध्वनिमुद्रित केले. जून १९४४ मध्ये रोम मुक्त झाले, तेव्हा लोकांचा राग उसळला आणि ज्या शहराने त्यांना डोक्यावर घेतले होते, तेथेच त्यांच्यावर शत्रूला साथ दिल्याचा ठपका आला. काही महिने त्यांना रंगमंचापासून दूर राहावे लागले. १९४५ मध्ये ते पुन्हा गाऊ लागले आणि श्रोतेही परत आले.

याच माणसाने गोरगरिबांच्या मदतीसाठी मोबदला न घेता असंख्य कार्यक्रम केले. १९३९ साली वेर्दींच्या 'रेक्वियम'चे, म्हणजे मृतांसाठीच्या मिस्सेच्या संगीताचे, रोममध्ये ध्वनिमुद्रण झाले. त्यातला त्यांचा आवाज आजही ऐकायला मिळतो. १९५५ मध्ये त्यांनी निरोपाचा दौरा केला. ३० नोव्हेंबर १९५७ रोजी रोम येथे, वयाच्या ६७ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. त्यांना रेकानातीलाच माती देण्यात आली.

जिलींचा आवाज ही देवाची देणगी होती. मात्र ती कोणासाठी खर्च करायची, हे ठरवणे त्यांच्या हाती होते. कधी त्यांनी ती गरिबांसाठी वापरली, तर कधी सत्ताधीशांच्या चरणी ठेवली. आपल्यापैकी कोणाला गळा मिळाला आहे, कोणाला बुद्धी, तर कोणाला हातातली कला. आपण ती कोणाच्या कामी लावत आहोत, हे अधूनमधून स्वतःला विचारले पाहिजे. आणि पुढच्या रविवारी गायकवृंदातली लहान मुले गातील, तेव्हा घंटा वाजवणाऱ्याच्या त्या मुलाची आपण जरूर आठवण ठेवू या.