बालचित्रकार उपेन्द्रकिशोर

उपेन्द्रकिशोर रायचौधुरी यांचा जन्म १८६३ साली पूर्व बंगालातील मैमनसिंह जिल्ह्यात झाला. बालपणीच ते एका जमीनदार आप्ताच्या घरी दत्तक गेले. पुढे मुलांसाठी सोप्या बंगालीत रामायण लिहून त्यांनी त्यासाठी स्वहस्ते चित्रे काढली. परंतु लाकडी ठशांवर कोरली जाताना त्या चित्रांचे सारे सौष्ठव लोपले. बालकांच्या हाती सदोष चित्र जावे, हे त्यांना सहन होईना. त्यांनी विलायतेहून सामग्री मागविली आणि १८९५ साली कलकत्त्यास ठसे करण्याचा स्वतःचा व्यवसाय आरंभिला. लहानमोठ्या ठिपक्यांनी छायाप्रकाश उमटविणारी ‘हाफटोन’ पद्धती त्यांनी ग्रंथ व प्रयोग यांच्या बळावर आत्मसात केली. तीवरील त्यांचे संशोधनपर लेख लंडनच्या ‘पेनरोझ’ वार्षिकात प्रसिद्ध झाले. या विद्येचे फळ मात्र त्यांनी बालकांनाच अर्पण केले. १९१३ साली त्यांनी मुलांसाठी ‘संदेश’ हे सचित्र मासिक काढले. बंगालीत ‘संदेश’ म्हणजे वार्ता, तशीच एक मिठाईही! १९१५ च्या डिसेंबरात वयाच्या बावन्नाव्या वर्षी ते निवर्तले. मासिकाची धुरा पुत्र सुकुमार यांनी वाहिली. मुलांसाठी करावयाचे काम म्हणून त्यात कसर राहू देणे उपेन्द्रकिशोरांना ठाऊक नव्हते. घरोघरच्या वडीलधाऱ्यांनी हेच त्यांच्यापासून घ्यावे.