एकटा दर्यावर्दी : जोशुआ स्लोकम

एकट्याने गलबत हाकून साऱ्या पृथ्वीला प्रदक्षिणा घालणारा पहिला माणूस म्हणजे जोशुआ स्लोकम. त्याचा जन्म २० फेब्रुवारी १८४४ रोजी कॅनडातील नोव्हा स्कॉशियात झाला. वडील कोळ्यांचे बूट शिवून पोट भरत. दहाव्या वर्षीच त्याची शाळा सुटली आणि तो वडिलांच्या हाताखाली कामाला लागला. चौदाव्या वर्षी घरातून पळून तो मासेमारीच्या जहाजावर स्वयंपाकी झाला आणि पुढे कप्तानपदापर्यंत चढला. पण आगबोटी आल्या, शिडाच्या जहाजांचे दिवस सरले. १८८७ मध्ये त्याचे स्वतःचे जहाज ब्राझीलच्या किनाऱ्यावर फुटले. पन्नाशीच्या उंबरठ्यावर तो बेकार झाला.

१८९२ मध्ये एका ओळखीच्या कप्तानाने त्याला शेतात पडलेले 'स्प्रे' नावाचे मोडके गलबत देऊ केले. तेरा महिने खपून त्याने ते नव्याने बांधले. लांबी जेमतेम ३७ फूट! २४ एप्रिल १८९५ रोजी तो अमेरिकेतील बोस्टनहून निघाला.

एकट्या दर्यावर्दीला लाटांइतकीच झोपेची भीती असते. मोठ्या जहाजावर पाळ्या असतात. इथे सुकाणू कोणी धरावे? स्लोकमने शिडांचा तोल असा साधला, की सुकाणू बांधून ठेवले तरी 'स्प्रे' दिशा सोडत नसे. मॅजेलनच्या सामुद्रधुनीत रात्री हल्लेखोर चढतील म्हणून तो झोपण्यापूर्वी डेकवर टाचणखिळे पसरून ठेवी.

तिसरी अडचण म्हणजे आपण कोठे आहोत हे कळणे. भारी कालमापकाची दुरुस्ती परवडेना, म्हणून त्याने एक डॉलरचे पत्र्याचे घड्याळ घेतले होते. पॅसिफिकमध्ये चंद्राचा वेध घेऊन त्याने गणित केले, तेव्हा उत्तर अंदाजापासून शेकडो मैल दूर आले. त्याने पुन्हा तपासले, तर चूक छापील कोष्टकातच निघाली!

४६,००० मैलांचा प्रवास करून २७ जून १८९८ रोजी तो अमेरिकेतील न्यूपोर्टला परतला. १९०० मध्ये त्याचे प्रवासवर्णन प्रसिद्ध झाले. १९०९ च्या नोव्हेंबरात तो पुन्हा एकटाच निघाला, तो परत आलाच नाही.

घरात कॉलेजची पायरी प्रथमच चढणाऱ्या आपल्यासारख्यांना छापलेले सारेच खरे वाटते. प्राथमिक शाळाही पुरी न केलेल्या या माणसाने मात्र पुस्तक घेतले, वापरले आणि ताडूनही पाहिले. मित्रहो, शिक्षण याहून वेगळे काय असते?