न्यायमूर्ती रानडे यांची धुळ्यातील कसोटी

नेमणूक, बढती वा बदली यांविषयी वाद उपस्थित झाला म्हणजे प्रतिकूल निकालापेक्षाही माणसाच्या मनाला एक गोष्ट अधिक लागते. ती ही की, आपले म्हणणे कोणी ऐकूनच घेतले नाही. आपल्या संघातील अनेक कुटुंबांचा चरितार्थ नोकरीवर चालतो. म्हणून न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांच्या चरित्रातील खानदेशचे प्रकरण सर्वांनी मनन करण्याजोगे आहे.

रानडे यांचा जन्म १८ जानेवारी १८४२ रोजी नाशिक जिल्ह्यातील निफाड येथे झाला. मुंबई विद्यापीठाची पहिली मॅट्रिक परीक्षा १८५९ साली झाली. तीत उत्तीर्ण झालेल्या २१ विद्यार्थ्यांत ते एक होते. १८६४ साली ते एम. ए. व १८६६ साली एलएल. बी. झाले. १८७१ मध्ये पुण्यास फर्स्टक्लास सबजज्ज म्हणून त्यांची नेमणूक झाली. तेथे न्यायदानाबरोबरच सार्वजनिक सभेच्या कार्यास त्यांचे मार्गदर्शन लाभू लागले आणि सरकारी नोकराचे हे लोककार्य वरिष्ठांच्या डोळ्यांत सलू लागले. १८७८ साली त्यांची बदली नाशिकला झाली.

पुढील वर्षी वासुदेव बळवंत फडके यांच्या बंडाने सरकार हादरले. १३ मे १८७९ रोजी पुण्यातील बुधवारवाडा व विश्रामबागवाडा यांना आगी लागल्या. सुटीनिमित्त रानडे त्या वेळी पुण्यातच होते. सुटी संपण्याचीही वाट न पाहता त्यांनी तत्काळ धुळ्यास रुजू व्हावे, असा हुकूम आला. धुळे हे तेव्हा खानदेश जिल्ह्याचे मुख्य ठिकाण होते. पूर्व व पश्चिम असे दोन भाग १९०६ साली झाले व त्यांचेच पुढे जळगाव आणि धुळे जिल्हे बनले.

रानड्यांवर कोणताही आरोप ठेवण्यात आला नव्हता. मग उत्तर तरी कशाचे द्यावयाचे? धुळ्यास त्यांचे टपाल फोडून वाचले जाई. बंडवाल्यांच्या नावाची बनावट पत्रेही त्यांना येत. ती पत्रे ते पाकिटांसह पोलिसांच्या स्वाधीन करीत आणि आपले काम नित्याप्रमाणे चोख बजावीत. अखेर संशय आपोआप विरला. तथापि सर्वांच्या अंगी रानड्यांचे धैर्य नसते, आणि निरपराध माणसाची अब्रू केवळ त्याच्या धैर्यावर सोडून देणे हा न्याय नव्हे.

१८८७ साली दक्षिणेतील शेतकऱ्यांच्या कर्जनिवारण कायद्याखाली ते स्पेशल जज्ज झाले. सावकाराच्या खतावर डोळे मिटून एकतर्फी हुकूमनामा न देता ऋणकोचे म्हणणे घ्यावे व व्यवहार मुळापासून तपासावा, हे त्या कायद्याचे मर्म होते. ज्यांच्याविरुद्ध एकदा न ऐकताच ग्रह करून घेतला गेला, त्यांच्याच हाती गरिबांचे ऐकून घेण्याचे काम आले. १८९३ मध्ये न्यायमूर्ती तेलंग यांच्या निधनानंतर ते हायकोर्टाचे न्यायाधीश झाले. १६ जानेवारी १९०१ रोजी त्यांचा देहान्त झाला.

आज राज्यघटनेच्या ३११ व्या कलमान्वये सरकारी नोकरास बडतर्फ करणे, काढून टाकणे वा पदावनत करणे यापूर्वी, काही अपवाद वगळता, आरोप कळवून बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते. बदली ही शिक्षा मानली जात नाही. तरी महाराष्ट्राच्या २००५ च्या कायद्याने मुदतपूर्व बदलीची कारणे लेखी नोंदविणे आवश्यक केले आहे. १९९१ पासून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणही आहे. जळगाव-धुळ्याच्या नोकरांस त्याच्या छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठाकडे दाद मागता येते. लेखी कारण हाती असले म्हणजे ते खोडून काढता येते. अबोल हुकुमाशी झगडावयाचे कसे?

हा धडा केवळ सरकारसाठी नाही. शाळा, वसतिगृहे व पतपेढ्या चालविणारे आपल्यातही आहेत. तेथील नेमणुकांत नापसंत ठरलेल्या उमेदवाराला कारण सांगावे, तक्रार आल्यास दोन्ही बाजू ऐकाव्यात आणि निर्णय कारणांसह इतिवृत्तात लिहावा. एवढा परिपाठ आपण पाळला, तरी रानड्यांच्या धुळ्यातील दिवसांचे स्मरण सार्थ होईल.